आक्का, दाजी आणि क्रमागत संख्या

आक्का गेल्याचं मला दाजींनी फोनवर सांगितलं. मी सांगलीच्या मंडईत मेथीची जुडी उलटीपालटी करून बघत होते. दाजींचा फोन सकाळच्या वेळी कधी येत नाही, म्हणून भाजीवालीला थांब म्हटलं आणि उचलला. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, फौजेतून सुभेदार होऊन निवृत्त झालेले. कुठलीही गोष्ट ते रिपोर्ट दिल्यासारखी सांगतात. ‘रतन, ऐक. शालन ऑफ झाली. पहाटं. झोपेत. तरास काय न्हाई झाला.’ खरं सांगायचं तर ‘ऑफ झाली’ हे माझ्या डोक्यात नंतर शिरलं. आधी कानाला लागलं ते ‘शालन’. दाजींच्या तोंडून माझ्या बहिणीचं नाव मी तोवर कधीच ऐकलं नव्हतं. ते तिला ‘अगं ए’ म्हणायचे, पोरांसमोर ‘तुमची आई’, आणि माझ्याशी बोलताना ‘तुजी बहीण’. नाव घ्यायची वेळ आली ती अशी. भाजीवालीनं माझा चेहरा बघितला आणि आपल्या बुडाखालचं पोतं पुढं सरकवून म्हणाली, ‘बाई, बसा जरा.’ मी बसले.

त्याला आता बरेच आठवडे झाले. रडून झालं, भेटायला येणाऱ्यांची ये-जा झाली. येणारा प्रत्येक जण आक्काबद्दल चांगलंच बोलत होता. साधी होती, गरीब गाय होती, कुणाच्या अध्यात ना मध्यात. मी मान डोलवत होते आणि मनात म्हणत होते, ही कुठली बाई? माझी आक्का गरीब गाय मुळीच नव्हती. ती हट्टी होती, खवचट होती, हसायला लागली की पोट धरून जमिनीवर बसायची, आणि एखादी गोष्ट पटली नाही तर साक्षात औंधची यमाईदेवी डोंगर उतरून खाली आली असती तरी तिनं ऐकलं नसतं. पोरांसाठी स्थळं बघायच्या वयात तिनं दहावीची परीक्षा दिली, हे सगळ्या भावकीला माहीत आहे. ती कशी दिली, हे मात्र मला आणि दाजींनाच ठाऊक. दाजी काही लिहायला बसणार नाहीत. म्हणून हा उद्योग मी करते आहे.

आम्ही दोघी बहिणी. आक्का नववीत बीजगणितात नापास झाली आणि त्याच उन्हाळ्यात औंधजवळच्या एका गावातलं, फौजेत असलेलं स्थळ चालून आलं. वडील तिला एका शब्दानं बोलले नाहीत, सरळ सुपारी फोडून मोकळे झाले. मी मात्र शिकत गेले आणि नेमकी गणिताचीच शिक्षिका झाले. सांगलीच्या एका शाळेत मी निवृत्त होईपर्यंत फळ्यावर समीकरणं लिहिली. आक्काचं म्हणणं असं, की लहानपणी मी तिच्या वाटणीचं गणितसुद्धा खाऊन टाकलं, म्हणून तिच्यासाठी काही उरलं नाही. हे ती पाहुण्यारावळ्यांत, लग्नाच्या पंगतीत, कुठंही सांगायची, आणि लोक माझ्याकडं खरंच चोरट्या मांजरीकडं बघावं तसं बघायचे.

लग्नानंतर दाजी कधी सरहद्दीवर, कधी कुठल्या छावणीत. आक्का इकडं ऊस, म्हशी, सासू आणि दोन पोरं सांभाळत राहिली. पोरं हाताशी आल्यावर गावच्या अंगणवाडीत मदतनीस म्हणून लागली. मदतनीस म्हणजे सकाळी खोली झाडायची, घराघरांतून पोरं गोळा करायची, खिचडी शिजवायची, नाकं पुसायची. शिकवायचं काम सेविकेचं. गाणी, गोष्टी, रंग, आकडे हे सगळं सेविकाबाई खुर्चीपाशी उभ्या राहून करायच्या आणि आक्का चुलीपाशी. वर्षं गेली. सेविकाबाईंचं निवृत्तीचं वय झालं. तपासणीला येणाऱ्या मॅडम आक्काला म्हणाल्या, ‘तुम्ही दहावी पास असाल तर जागेवर पहिला हक्क तुमचा. नाहीतर बाहेरची बाई भरावी लागेल.’ त्याच संध्याकाळी मला फोन आला.

‘रतने, मला धावी द्यायची हाय.’

मी आनंदानं किंचाळलेच. पण आक्काचा आवाज वेगळा होता. ‘हसू नगंस. पोरं माज्या मांडीवर झोपत्यात, माज्या लुगड्यात शी करत्यात, माज्या हातानं जेवत्यात. आन गाणं म्हणायची येळ झाली की मी चुलीकडं. का? तर मी नववी नापास. आता बाहेरची कोण यील आन मला सांगंल, मावशी, भांडी घासा. मला एकदा पोरांम्होरं उभं ऱ्हायचंय गं...’ 

बाहेरून परीक्षेला बसायचा सतरा नंबरचा फॉर्म भरला. बाकीच्या विषयांची मला काळजी नव्हती. इतिहास तिला गोष्टीसारखा पाठ होई, मराठी तर तिच्या जिभेवरच होतं. इंग्रजी तिनं आरतीसारखं तालावर घोकलं. भूमितीसुद्धा जमली, ‘काढल्यावर दिसतंय तरी,’ असं ती म्हणायची. अडलं ते नववीत अडलं होतं तिथंच. बीजगणितातली शाब्दिक उदाहरणं. त्यातही क्रमागत संख्या. अमुक तीन क्रमागत संख्यांची बेरीज तमुक, तर त्या संख्या शोधा. हे वाक्य वाचलं की तिच्या कपाळावर आठी उमटायची.

दिवाळीच्या सुट्टीत मी तिच्याकडं गेले. सांगलीहून निघालं की विट्याला एसटी बदलावी लागते, आणि विट्यापर्यंत शुद्ध बोलणारी मी दुसऱ्या गाडीत बसले की आपोआप ‘आमी’ ‘तुमी’ करायला लागते. घरी पोचले तेव्हा आक्का सोप्यात पुस्तक पुढ्यात घेऊन, पेन्सिल कानावर अडकवून तयार. मी पहिलंच उदाहरण घेतलं. तीन क्रमागत नैसर्गिक संख्यांची बेरीज अठ्ठेचाळीस आहे. ‘लिही,’ म्हटलं, ‘मानू की, पहिली संख्या एक्स आहे.’

‘कशाला मानायचं?’

‘अगं, ती संख्या आपल्याला माहीत नाही म्हणून.’

‘माहीत न्हाई तर नाव कशाला ठेवायचं? पोर पोटात असताना कुणी नाव ठेवतंय व्हय? यिऊ दे की ते. मग बारशाला बघू.’

मी सांगितलं की हे नाव नव्हे, नुसतं चिन्ह आहे. तिनं डोकं हलवलं. एवढ्या वर्षांत मी हजारो पोरांना एक्स मानायला लावलं. कुणी कंटाळून मानलं, कुणी भिऊन मानलं, पण अपशकुन म्हणून नकार देणारी माझी बहीण ही पहिलीच. शेवटी तिनं स्वतःची पद्धत काढली. एक्सच्या जागी मोकळी जागा सोडायची. ‘हितं कायतरी हाय, हितं त्याच्याम्होरलं हाय, हितं त्याच्याबी म्होरलं हाय.’ मग बारा-तेरा-चौदा घेऊन बघ, कमी पडतं, चौदा-पंधरा-सोळा बघ, अजून कमी, असं करत करत पंधरा, सोळा, सतरा तिला सापडले. तिनं ते विजयानं माझ्यापुढं ढकललं.

‘उत्तर बरुबर हाय का न्हाई?’

‘आहे. पण बोर्डात पायऱ्यांचे गुण असतात. मानू हवं, दिलेल्या अटीनुसार हवं, समीकरण हवं. नुसत्या उत्तराला कोण विचारतंय?’

‘म्हंजी भाकरी झाली तरी पीठ कुटनं आणलं ते सांगायचं?’

‘सांगायचं!’ मी ओरडले. ती पुस्तक मिटून चहा ठेवायला निघून गेली. मला शाळेत कुणी असं उलटून बोललं नव्हतं. बोलणाऱ्याला मी बाकावर उभं केलं असतं, पण आक्का लहानपणी माझी वेणी घालायची आणि मी हलले तर टपली मारायची. तिला बाकावर कोण उभं करणार?

दोन दिवस आम्ही अशाच भांडत होतो. तोडगा निघाला तो दाजींमुळं, आणि दाजींना त्यातलं काही माहीत नव्हतं. फौजेतून आल्यावर ते शिरवळच्या एका कंपनीत सिक्युरिटीला होते आणि सुट्टीला घरी यायचे. त्या दुपारी दारात मोटरसायकल थांबली. भिंतीपलीकडच्या शेजारणीनं आवाज दिला, ‘शालन, कोण आलं गं?’ आक्कानं इथूनच सांगितलं, ‘ह्ये आलं!’ शेजारीण म्हणाली, ‘बरं बरं,’ आणि विषय संपला.

माझ्या डोक्यात लख्ख झालं. ‘आक्का, आत्ता तू कुणाचं नाव घेतलंस?’

‘मी कशाला नाव घेऊ? आवं देवा, नवऱ्याचं कुणी नाव घेतंय का?’

‘नाव घेतलं नाहीस, तरी तिला कळलं ना, कोण ते?’

‘न कळायला काय झालं?’

‘मग तसाच एक्स. एक्स म्हणजे नाव नाही, आक्का. एक्स म्हणजे ‘ह्ये’. नाव न घेता बोलायचं, बस्स.’

आक्का माझ्याकडं बघत राहिली. मग दारातून आत येणाऱ्या दाजींकडं बघितलं, बूट काढायला वाकलेल्या, घामाघूम झालेल्या. आणि जी हसत सुटली ती जमिनीवरच बसली. दाजी पट्ट्यापासून टोपीपर्यंत स्वतःला चाचपून बघायला लागले, कुठं काय उसवलंय का म्हणून. पण त्या दिवसापासून काम फत्ते झालं. मानू की पहिली संख्या ‘ह्ये’. दुसरी संख्या ‘ह्यांच्या पाठचं भावजी’, म्हणजे एकानं जास्त. तिसरी ‘त्यांच्याबी पाठचं धाकलं भावजी’, दोनानं जास्त. तिघांची मिळून बेरीज अठ्ठेचाळीस. ‘पाठच्यांचं जे ज्यास्तीचं हाय, एक आन दोन, ते तीन आधी बाजूला काढायचं,’ ती बोटानं दाखवत म्हणाली, ‘ऱ्हायलं पंचेचाळीस. आता तिघं भाऊ सारखं. वाटून टाकायचं. आलं पंधरा. ह्ये पंधरा!’ दाजी सोप्याच्या खांबाला टेकून चहा पीत होते. ते म्हणाले, ‘मला कशाला मधी घेताय? मी आत्ताच आलोय.’

संक्रांतीला मी पुन्हा गेले. आक्का तीळ निवडत होती, मी उदाहरण वाचत होते. तीन क्रमागत सम संख्यांची बेरीज छत्तीस. आता ती सराईत झाली होती. ‘ह्ये’, पाठचे, त्यांच्या पाठचे. तीन काढले, तेहतीस राहिले, वाटले, अकरा आले. अकरा, बारा, तेरा. बेरीज छत्तीस. तिनं ताळाही करून दाखवला.

‘बेरीज बरोबर,’ मी म्हटलं, ‘पण सम कुठंयत? अकरा सम आहे का?’

‘आं? मग?’

‘सम संख्येच्या पाठची सम संख्या लगेच येत नाही. मधे एक विषम असते. ती सोडून पुढं जायचं.’

‘मधली हाय, तरी घ्यायची न्हाई?’

‘घ्यायची नाही.’

आक्काचा हात तिळात थांबला. मला वाटलं, पुन्हा काहीतरी अपशकुन निघाला. मग ती हळू म्हणाली, ‘म्हंजी तुज्या-माज्यावानी.’

‘आपल्यात कोण आहे मधे?’

‘हुता,’ आक्का म्हणाली.

मग तिनं सांगितलं. ती अगदी लहान होती, पण तिला आठवत होतं. आई गरोदर होती आणि मुलगाच होणार असं आईनं धरूनच ठेवलं होतं. त्याचं नाव ठरवलं होतं. पोटावर हात ठेवून त्या नावानं हाक मारायची, आक्कालाही मारायला लावायची. मुलगाच झाला. बारशाचा दिवस उजाडायच्या आधीच गेला. शेजारणीकडून मागून आणलेला पाळणा वडील स्वतः खांद्यावरून परत देऊन आले. ‘पुन्हा आईनं कवाच कुणाचं नाव आधी घेतलं न्हाई. तुजं बारसं झालं तरी लय दिस तुला नुसतं ए म्हणायची. भ्या वाटायचं तिला.’ मला यातलं काही माहीत नव्हतं. आई गेली, वडील गेले, कुणी चकार शब्द काढला नव्हता. मला भाऊ होता, हे मला चाळिशी उलटल्यावर, सम संख्या शिकवताना कळलं.

‘काय नाव ठेवलं होतं त्याचं?’ मी विचारलं.

आक्कानं मान हलवली. ‘ते न्हाई घ्यायचं.’ मग कानावरची पेन्सिल काढली, एक्स लिहिला, त्याच्यापुढं अधिक दोन लिहिलं. ‘पर त्याची जागा मोजायची. म्हणूनशान दोन. तू माजी पाठचीच, फकस्त दोनावर.’ पुढं अधिक चार लिहिलं, सहा वजा केले, तीस उरले, तिघांना वाटले. दहा, बारा, चौदा. मी रडत होते. आक्का म्हणाली, ‘उदाहरण सुटलं तर रडती कशाला? न सुटलं तर रड.’ आणि माझ्या तोंडात तिळाचा लाडू कोंबला. सम संख्या दोन-दोननं वाढतात, हे मी तोवर शेकडो वेळा फळ्यावर लिहिलं असेल. त्यानंतरही लिहिलं, पण हात क्षणभर थांबायचाच.

परीक्षेच्या तोंडावर वर्गसमीकरणं निघाली, आणि घरात नवाच गोंधळ उडाला. दोन क्रमागत सम नैसर्गिक संख्यांच्या वर्गांची बेरीज शंभर. आक्कानं ‘ह्यांचा’ वर्ग केला, पाठच्यांचा वर्ग केला, बेरीज मांडली, अवयवही मी न सांगता पाडले. आणि थबकली. एक्सच्या किमती दोन आल्या होत्या. एक सहा, एक उणे आठ.

‘रतने, ह्ये काय? ह्ये दोन आलं की!’

दाजी त्या दिवशी घरी होते, आरशासमोर दाढी करत होते. त्यांचा वस्तरा तिथंच थांबला. ‘दुसरा कोण हाय त्यो?’

‘उणे आठ,’ मी सांगितलं.

‘आन मी?’

‘तुम्ही सहा, दाजी.’

‘मग मी बरा की गं!’ दाजी फेस भरल्या तोंडानं आक्काला म्हणाले. ‘त्यो तर नुसता कर्जात बुडालेला दिसतोय.’

मी आक्काला समजावलं. वर्गसमीकरणातून दोन येतात, पण उदाहरणात नैसर्गिक संख्या म्हटलंय, नैसर्गिक संख्या ऋण नसते, म्हणून लिहायचं, उणे आठ ही किंमत अमान्य. तो शब्द तिला इतका आवडला की तिनं तो दोनदा लिहिला. पुढं तो तिच्या संसारात कायमचा शिरला. दाजींनी दुसरा चहा मागितला, अमान्य. थोरल्या पोरानं शेत विकून गाडी घेऊ म्हटलं, अमान्य. मी दोन दिवस राहून परत निघाले की पिशवी काढून घ्यायची आणि म्हणायची, ‘जाणं अमान्य हाय.’

परीक्षेचं केंद्र औंधला होतं. गणिताच्या दिवशी मी शाळेतून रजा काढली. दाजींनी कडक इस्त्रीचा शर्ट घातला होता आणि आक्काचं हॉलतिकीट, पेन, कंपास असं सगळं सामान दोनदा तपासलं. आक्का डोंगराकडं तोंड करून देवीला हात जोडून फाटकातून आत गेली. तिच्या आजूबाजूला सगळी पंधरा-सोळा वर्षांची पोरं. एक पोरगी तिला विचारताना मी ऐकलं, ‘मावशी, तुमी सुपरव्हिजनला का?’ आक्का म्हणाली, ‘न्हाई गं बाळा, मी तुज्यासारखीच भ्यालेली हाय.’ मग आम्ही दोघं बाहेर लिंबाखाली उभे. दाजी फक्त येरझारा घालत होते, मधेच कुणीतरी हुकूम दिल्यासारखे थांबायचे आणि उलटे वळायचे. ‘रतन,’ एकदा म्हणाले, ‘पोस्टिंगवर लय काय काय बघितलं. पर आजच्यावानी कवा भ्यालो न्हाई. न्हाई पास झाली तर ती मला काय न्हाई म्हणायची गं... गप बसंल. ती गप बसलेली मला बघवत न्हाई.’

आक्का बाहेर आली ती पदरानं तोंड पुसत. चेहऱ्यावरून काही कळेना. मी विचारलं, ‘क्रमागत आलं होतं?’ ‘आलं हुतं.’ ‘मग?’ ती चपला शोधत राहिली, एक सापडली, दुसरी सापडली. ‘मानलं की,’ ती म्हणाली. ‘एक्स मानलं, अटीपरमानं लिवलं. दोन आलं. एकाला अमान्य केलं.’ आणि दाजींकडं वळून, ‘भूक लागलीया मला.’ दाजींनी आयुष्यात पहिल्यांदा बायकोला हॉटेलात मिसळ खायला घातली. तिला ती तिखट लागली नाही.

निकाल लागला तेव्हा मी घरी होते. दाजींचा फोन आला. ‘रतन, ऑपरेशन सक्सेस!’ मागून आक्काचा आवाज, ‘काठावर म्हणून सांगा! गणितात काठावर!’ तिला त्या काठाचा केवढा अभिमान. गावभर जिलेबी वाटत फिरली आणि प्रत्येकाला सांगत होती की गणितात काठावर पास झाले, जणू काठावर पास व्हायलाच जास्त कसब लागतं. आता मला वाटतं, ते खरंही असेल. जागा तिला मिळाली. सेविका म्हणून पहिला दिवस झाला तेव्हा तिनं मला दुपारी फोन केला. मला वाटलं, खूप काही सांगेल. ती एवढंच म्हणाली, ‘आज मी चुलीकडं गेले न्हाई.’

त्यानंतरची तिची वर्षं आनंदाची गेली. मी कधीही गेले की अंगणवाडीतून गाण्याचा आवाज यायचा, त्यात सगळ्यांत मोठा तिचा, आणि सुरात नसलेलाही तिचाच. आता ती गेल्यावर मला पुन्हा तिच्या गावी जावंसं वाटत नव्हतं. रिकामा सोपा बघायची हिंमत नव्हती. पण दाजी एकटे आहेत, म्हणून मागच्या पंधरवड्यात गेले. दाजींनी स्वतः पिठलं-भाकरी केली. भाकरी जाड होती, दाजींच्या कवायतीसारखी चौकोनी. जेवण झाल्यावर ते झोपले आणि मला त्या घरात बसवेना. मी उठून अंगणवाडीकडं गेले. म्हटलं, कुलूप असेल, बाहेरूनच बघू आणि परत फिरू.

कुलूप नव्हतं. पोरं घरी गेली होती. भिंतीवर फळांची, प्राण्यांची चित्रं, कोपऱ्यात वजनकाटा, रचून ठेवलेल्या छोट्या थाळ्या. आणि मधोमध सतरंजीवर मुमताजबाई बसलेल्या. आक्का सेविका झाल्यावर तिच्या जागी मदतनीस म्हणून आलेल्या त्या. आता नातवंडं खेळवायच्या वयाच्या आहेत. पुढ्यात दहावीचं गणिताचं पुस्तक. मला बघून त्या गडबडीनं उठायला लागल्या. मी बसा म्हटलं.

आक्कानं त्यांना फॉर्म भरायला लावला होता. पोरं गेली की रोज दुपारी दार लोटून त्यांना बसवायची. मला यातलं ती एका शब्दानं बोलली नव्हती. मुमताजबाई म्हणाल्या, ‘मी म्हणलं, आता या वयात जागा कोण देतंय मला? तर आक्काबाई म्हणल्या, जागंसाठी न्हाई गं. नापास म्हणून मरायचं न्हाई, एवढंच. क्रमागत सगळं झालं बगा आमचं, समपातूर आलो. विषम ऱ्हायलं. सोमवारी करू म्हणल्या हुत्या...’ त्यांनी पुस्तकावर बोट ठेवलं. ‘विषमला एक, तीन असं ज्यास्त घालायचं का? विषम हाय म्हणून?’

नेमकी चूक. विषम संख्याही दोन-दोननंच वाढतात, पण ही चूक दरवर्षी वर्गातली निम्मी पोरं करतात. माझ्यातली गणिताची बाई लगेच जागी झाली. मी पेन्सिल उचलली आणि सुरुवात केली, ‘हे बघा, मानू की...’

मुमताजबाई तोंडावर पदर घेऊन हसायला लागल्या. डोळ्यांत पाणी, आणि हसू आवरेना. मी विचारलं, काय झालं?

‘रागावू नगा बाई. आक्काबाई म्हणायच्या, माजी बहीण लय हुशार, पर तिला शिकवता येत न्हाई.’

एवढी वर्षं शाळेत घालवलेली मी, तिथं सतरंजीवर, मेलेल्या बहिणीकडून टपली खाऊन बसले. आणि मलाही हसू फुटलं. किती दिवसांनी फुटलं. पोट धरून, अगदी आक्कासारखं, जमिनीवर बसून हसले, आणि हसता हसता रडले. मुमताजबाईंनी मला तांब्यातून पाणी दिलं. मग हळूच म्हणाल्या, ‘मी इचारलं त्यास्नी, मग तुमी नसला आन अडलं, तर कुणाला इचारू? तर म्हणल्या, तिलाच. तिला शिकवता येत न्हाई, पर न बोलावता येती, आन उदाहरण सुटंस्तवर उठत न्हाई.’

मी मांडी घालून बसले. पुस्तक दोघींच्या मधे ओढलं. विट्याची शेवटची एसटी त्या दिवशी मी जाऊ दिली.